बंधाऱ्याच्या वरचं पाणी

आयुष्यभर नदीचं पाणी हाताळलं, पण नदी पाहिली ती निवृत्त झाल्यावर. पाणी तपासणाऱ्या एका प्रयोगशाळेत मी बावीस वर्षं नोकरी केली. नदीचं पाणी बर्फाच्या पेटीतून, बाटलीत बसून माझ्या टेबलावर यायचं. बाटलीला चिठ्ठी असायची, तिच्यावर गावाचं नाव, वेळ आणि नमुना घेणाऱ्याची सही. मी तपासायची, आकडे लिहायची आणि अहवालाखाली माझी सही ठोकायची. पुण्याच्या पुढे नदी कशी दिसते असं कुणी विचारलं असतं, तर तीनशे मिलिलिटरची असते आणि तिला काचेचं बूच असतं, एवढंच मला सांगता आलं असतं.

गेल्या हिवाळ्यात नदीसाठी काम करणाऱ्या काही नागरिकांच्या सभेला गेले. निवृत्त माणसाला सभांना जाण्यावाचून गत्यंतर नसतं. सभा संपता संपता मागच्या रांगेतून एक बाई उठल्या. नऊवारी, डोक्यावर पदर, हातात एका कागदाची झेरॉक्स. पुण्याच्या खालच्या अंगाला नदीकाठी बाभूळवाडी नावाचं गाव आहे, तिथल्या त्या कुसुमताई.

"ह्या कागदावर आमच्या हितली नदी बरी हाय म्हणून लिवलंय," त्या म्हणाल्या. "म्हणून शुद्ध पाण्याच्या यंत्राचा आमचा अर्ज माघारी आला. पाणी बरं हाय तर यंत्र कशाला, म्हनत्यात. आता शिकल्याली मानसं हायसा, तुमीच सांगा. कागद खोटा का आमची इहीर खोटी?"

झेरॉक्स हातोहात पुढे आली. माझ्यापर्यंत पोचली तेव्हा मी चष्मा लावून खाली पाहिलं. सही माझीच होती. मी कागद घडी घालून शेजारच्या गृहस्थांना दिला आणि एक शब्दही बोलले नाही. का नाही बोलले, ते अजूनही मला धड सांगता येत नाही.

धायरीला घरी आले आणि दोन दिवस सगळ्यांवर खेकसले. माझी सही खोटी असणं शक्यच नव्हतं. तिसऱ्या दिवशी ठरवलं, की धरणापासून बाभूळवाडीपर्यंत नदीच्या कडेकडेनं जायचं आणि ठिकठिकाणी स्वतःच्या हातानं पाणी तपासायचं. गुडघे काय म्हणतील ते म्हणोत. कुसुमताईंना फोन करून एका रात्रीचा मुक्काम मागितला. नदीच्या कामाचं आहे एवढंच सांगितलं. सहीचं काही सांगितलं नाही.

खडकवासला

सोबतीला रसिका वानखेडे होती. मूळची यवतमाळची, नोकरी खराडीच्या एका सॉफ्टवेअर कंपनीत, वय तिशीचं. सभेत ओळख झाली होती. तिनं तीन दिवसांची रजा टाकली आणि स्कूटरवर माझ्या बाटल्यांचं खोकं दोरीनं असं आवळलं, की यवतमाळपर्यंत नेलं असतं तरी हललं नसतं. माझी सही असलेला तो कागद तिनंही पाहिला होता, पण सही कुणाची हे तिला ठाऊक नव्हतं. ते मी तिला धरणाच्या भिंतीखाली उभं राहून सांगितलं.

तिनं खोक्याची दोरी पुन्हा एकदा ओढून पाहिली. मग म्हणाली, "मॅडम, मग आपण तुम्हाला चेक करायला चाललो की नदीला?"

"दोघींना."

परीक्षा साधी आहे. काचेची बाटली पाण्याखाली धरून भरायची, आत हवेचा बुडबुडा राहू द्यायचा नाही. मग तिच्यात दोन औषधं सोडायची. पाण्यात प्राणवायू असेल तर तळाशी तपकिरी गाळ बसतो, कॉफीच्या चोथ्यासारखा. मासे, किडे, शेवाळं, नदीत जे जगतं ते सगळं त्या तपकिरी रंगाच्या भरवशावर. प्राणवायू नसेल तर गाळ पांढरा राहतो. नेमका आकडा पुढे काढता येतो, पण नदी जिवंत आहे की नाही हे रंगावरूनच कळतं.

"आणि एक पक्कं लक्षात ठेव," मी रसिकाला म्हटलं. "नमुना नेहमी वाहत्या धारेतून घ्यायचा. साचलेल्या पाण्यातून कधीही नाही." हे वाक्य मी आमच्याकडे नमुने आणणाऱ्या प्रत्येक माणसाला पहिल्या दिवशी ऐकवलेलं आहे.

धरणातून सुटलेलं पाणी गार होतं आणि त्याला कसलाही वास नव्हता. बाटलीचा तळ बघता बघता गडद तपकिरी झाला. रसिकानं टाळी वाजवली. आम्ही चौपाटीवर भाजलेलं कणीस खाल्लं, लिंबू-मीठ जरा जास्तच झालं होतं. समोर पाण्यावर वारा होता, सुटीवर आलेली कुटुंबं फोटो काढत होती. हेच पाणी नळानं माझ्या घरी येतं आणि माझ्या घरून ज्या वाटेनं जातं त्याच वाटेनं पुढचे दोन दिवस आम्हाला जायचं होतं. ही गोष्ट इतक्या सरळपणे मी कधी मनात आणली नव्हती.

शहरातून

शहरातल्या नदीविषयी पुणेकरांना सांगण्यात अर्थ नाही आणि बाहेरच्यांना सांगायची लाज वाटते. सिंहगड रस्त्यामागे आहे तोवर ती नदीसारखी वागते. बगळे असतात, काठावर कुणी धुणं धूत असतं. पुढे एकेक नाला येऊन मिळतो आणि ती दर पुलाखाली म्हातारी होत जाते. प्रत्येक नमुन्यागणिक तपकिरी रंग फिका होत होता, कॉफीचा चहा झाला आणि चहाचा नुसता दूध-पाण्याचा रंग राहिला. एके ठिकाणी माझा डावा पाय घोट्यापर्यंत गाळात गेला. पाय वर आला, चप्पल आली नाही. रसिकानं काठीनं ढवळून पाहिलं, मग म्हणाली, "जाऊ द्या मॅडम, नदीला दान केली समजा."

"दानाला एक चप्पल चालत नाही," मी म्हटलं आणि दुसरीही तिथंच काठावर ठेवली. लक्ष्मी रस्त्यावर रबरी बूट घेतले. दुकानदारानं माझ्या पायांकडे पाहिलं, चिखलाकडे पाहिलं आणि विचारलं, "पावसाळ्याची तयारी जरा लवकर नाही का होत?"

संगमाजवळ एका पुलावर चहाची टपरी होती. मी कठड्यावरून वाकून, धार कुठे आहे ते शोधत होते. टपरीवाले काका दोन मिनिटं बघत राहिले. मग म्हणाले, "काकू, उडी मारायची असेल तर पुढच्या पुलावरून मारा. इथं पाणी पुरणार नाही."

"नमुना घ्यायचाय."

"कशाचा?"

"पाण्याचा."

"अस्सं. मग वाकून कशाला बघताय? नाक आहे ना!" असं म्हणून त्यांनी दोन कप भरले. चहा मात्र फर्मास होता.

दुसऱ्या दिवशी खराडीला पोचलो. रसिकाच्या ऑफिसच्या सातव्या मजल्यावरून नदी दिसते असं ती म्हणायची. खाली येऊन पाहिली तेव्हा तिला तिची नदी ओळखू येईना. काठापासून काठापर्यंत जलपर्णी, हिरवीगार, वर जांभळी फुलं. "वरून लॉन वाटायचं हो," ती म्हणाली. तिथल्या बाटलीतला गाळ जवळजवळ पांढरा होता. मला वाईट वाटलं, पण खरं सांगायचं तर आतून भीती जास्त वाटत होती. शहराखाली नदी मेलेली असेल तर बाभूळवाडीला ती जिवंत कशी होणार? आणि तिथं तर मी वर्षानुवर्षं ती बरी असल्याचं लिहीत आले होते.

बाभूळवाडी

गावाला पोचलो तेव्हा ऊन कलतं झालं होतं. दोन्ही बाजूंना ऊस, मधून कच्चा रस्ता, आणि रस्ता संपतो तिथं बंधारा. दगडी खांब, खांबांच्या खोबणीत लोखंडी पत्रे बसवलेले, त्यामागे अडलेलं पाणी. पत्र्यांवरून आणि फटींतून पाणी खाली कोसळत होतं आणि खालच्या बाजूला सिमेंटच्या छान पायऱ्या होत्या. प्रयोगशाळेच्या चिठ्ठीवर कायम 'बाभूळवाडी, पायऱ्यांजवळ' असं लिहिलेलं असायचं. त्या पायऱ्या ह्याच. साळुंखे नावाचे आमचे नमुना आणणारे गृहस्थ होते, अतिशय सचोटीचे. त्यांच्या पेटीतला बर्फ कधी वितळला नाही. ते इथंच उतरत असणार.

मी शेवटच्या पायरीवर बसून बाटली धारेत धरली. औषधं सोडली आणि श्वास रोखला. गाळ तपकिरी आला. अगदी खडकवासल्याइतका नाही, पण ठसठशीत तपकिरी.

माझ्या डोळ्यांत पाणी आलं. सही खरी होती! बिचाऱ्या कुसुमताईंचा काहीतरी गैरसमज असणार, विहिरीत वरून घाण पडत असेल, जाळी बसवायला सांगू. इतकं सगळं मी पायरीवर बसल्या बसल्या ठरवून टाकलं. अजून दोन बाटल्या भरल्या. दोन्हींत तोच रंग.

कुसुमताईंच्या घरी आमचं स्वागत दारातच तांब्या-भांड्यानं झालं. आमच्याकडे पुण्यात पाहुण्याला 'पाणी हवंय का?' असं विचारायची पद्धत आहे आणि त्यानं नको म्हणावं अशी अपेक्षा. इथं न विचारता हातात भांडं आलं. बाटल्या मी पडवीत ताटात ठेवल्या, गाळ नीट बसू दे म्हणून. ज्वारीची भाकरी, पिठलं, ठेचा आणि शेंगदाण्याची चटणी. मी आदले दोन दिवस उपाशी असल्यासारखी जेवले. मन हलकं होतं ना!

जेवताना एक गोष्ट दिसली. आम्हाला पाणी वाढलं ते ओट्यावरच्या विकतच्या जारमधून. कुसुमताईंच्या छोट्या नातीलाही त्यातूनच. बाकी घर मात्र कोपऱ्यातल्या माठातलं पीत होतं.

"माठात काय आहे?" मी विचारलं.

"इहिरीचं. जार पाव्हण्यांना आन् पोरीला. सगळ्यांनी प्यालं तर कसं पुरायचं?" त्यांनी सुनेच्या हाताचं कोपर मला दाखवलं. लाल चट्टे होते. "न्हायल्यावर खाजतंय. निम्म्या गावाला हाय."

मी म्हटलं, "नदीचं पाणी तर बरं निघालं, ताई. आत्ताच तपासलं."

त्या माझ्याकडे बघत राहिल्या. रागावल्या नाहीत. "तुमी बी तसंच म्हनताय व्हय," एवढंच म्हणाल्या आणि मला आणखी एक भाकरी वाढली.

सकाळी उठून पडवीत आले तर ताट रिकामं. माझ्या तिन्ही बाटल्या ओट्याच्या कडेला उपड्या ठेवलेल्या, राखेनं घासून लख्ख. कुसुमताई मोठ्या समाधानानं उभ्या होत्या. "तळाला लय घान बसली हुती. वतून दिली. पाव्हण्याचं भांडं तसंच कसं ठिवायचं?"

माझ्या काळजात धस्स झालं. नमुन्यांसाठी नंतर, आधी त्यांच्या हातांसाठी. त्या बाटल्यांतली औषधं विषारी असतात. मी त्यांना ओढतच न्हाणीत नेलं, साबणानं कोपरापर्यंत हात धुवायला लावले, पुन्हा धुवायला लावले. त्या हसत होत्या, मी नव्हते. चूक त्यांची नव्हतीच. पाहुणीनं घाणेरडी बाटली ठेवावी आणि यजमानिणीनं ती तशीच राहू द्यावी, असं ह्या घरात कधी झालं नसेल. औषधं उघड्यावर ठेवली मी, आणि बावीस वर्षं काम केल्याचा तोरा मिरवला तोही मीच.

रसिका म्हणाली, "मॅडम, टेन्शन काऊन घेऊन राहिल्या? माझ्याकडे फोटो आहेत न. रंग क्लिअर दिसते."

"फोटोवर सही करत नाही मी. पुन्हा घ्यायचे."

बंधाऱ्यावर

पायऱ्यांवर सकाळी जागा नव्हती. बायका धुणं धूत होत्या, सगळीकडे साबणाचा फेस, खालच्या बाजूला म्हशी. तिथला नमुना कुचकामी ठरला असता. बंधाऱ्याच्या वरच्या अंगाला नामदेवअण्णा भोई होडी काठाला लावत होते. जाळ्यात दोन-चार चिलापी मासे. कुसुमताईंनी त्यांना हाक मारून सांगितलं, ह्या बाईंना पाण्यात घेऊन जा.

"खाली जाता येईल का, धारेत?" मी विचारलं.

"होडी काय पायऱ्या उतरत न्हाय," अण्णा म्हणाले. "वर चला. लागंल तेवढं पानी हाय."

"वरचं साचलेलं आहे हो. मला वाहतं पाणी पाहिजे."

अण्णांनी वल्हं खाली ठेवलं. सत्तरीचे असतील, पण माझ्याकडे पाहिलं ते शाळेतल्या पोरीकडे पाहावं तसं. "वाहतं? वाहतं हितं वीस पावलं हाय, पत्र्यावरनं पडतंय तेवढंच. पडताना हवा घेतंय, दम खातंय. बाकीची नदी वरच उभी हाय की, पार दोन गावं मागं. आन् नदीच्या पाझरावर भरनाऱ्या गावाच्या इहिरी कुठं हाईत? वरच. तुमच्या धारंचं पानी पितंय कोन?"

पाणी उंचावरून पडलं की त्यात हवा मिसळते, हे पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यालाही मी सांगितलं असतं. सांगितलं नव्हतं ते साळुंख्यांना. त्यांना मी एकच वाक्य शिकवलं होतं, वाहत्या धारेतून घ्या, साचलेल्यातून कधीही नाही. त्या सचोटीच्या माणसानं ते तंतोतंत पाळलं. अख्खी थांबलेली नदी मागे टाकून, पायऱ्या उतरून, वीस पावलांच्या त्या धारेतून तो दर खेपेला बाटली भरत राहिला. आणि मी टेबलाशी बसून सह्या करत राहिले.

होडीत बसले. अण्णा जलपर्णीतून वाट काढत विहिरींच्या समोर गेले. पाणी हलत नव्हतं, तळातून बुडबुडे येत होते, उग्र वास होता. अण्णा म्हणाले, "चिलापी तेवढी जगतीया. तिला बी रॉकेलचा वास मारतोय. मळे, शिंगटा, ते मासे आता पोरांना नावानं बी ठावं न्हाईत." मी बाटली भरली. होडी डुलली, म्हणून पहिलीत बुडबुडा राहिला. ती ओतून दिली, परत भरली. औषधं सोडली.

पांढरा. बाटली हलवली, पाच मिनिटं मांडीवर धरून बसले. पांढराच राहिला. विहिरींसमोरच्या तिन्ही जागी तेच. रसिका नाव, जागा आणि वेळ लिहीत होती. तिसऱ्या बाटलीला तिनं माझ्याकडे वर पाहिलंही नाही.

काठाला आलो तेव्हा कुसुमताई तिथंच उभ्या होत्या. मी बाटली त्यांच्या हातात दिली, ह्या वेळी बूच घट्ट बसवून. म्हटलं, "ताई, विहीर खरी. तुमचा अर्ज ज्या कागदामुळे परत आला, त्याच्यावरची सही माझी आहे."

त्यांनी आधी बाटलीकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"सभंत ठावं हुतं तुमाला?"

"हो."

"काल जेवताना बी?"

"हो. काल मला वाटलं, मी बरोबर आहे."

मला त्या क्षणी नदीत उतरावंसं वाटलं. कुसुमताईंनी बाटली उन्हात धरून पुन्हा पाहिली. त्यांनी शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं. मग त्यांनी पदर खोचला आणि म्हणाल्या, "मंग हितनं लिवून दिल्याबिगर हलायचं न्हाय. चला, पंचायतीत कागुद हाय."

पंचायतीच्या बाकावर बसून मी लिहिलं. बाभूळवाडीचे नमुने बंधाऱ्याखालच्या पडत्या पाण्यातून घेतले जात होते. गाव ज्या पाण्यावर जगतं ते पाणी कधी तपासलंच गेलं नाही. नमुना घेणाऱ्यांना तशी शिकवण मी दिली होती, त्यांचा दोष नाही. आजच्या नमुन्यांच्या नोंदी सोबत जोडल्या आहेत. रसिकानं आणि अण्णांनी साक्षीदार म्हणून सह्या केल्या. अण्णांची सही माझ्यापेक्षा वळणदार आहे.

पुणे

पुण्याला आल्यावर विहिरींसमोरचं पाणी दुसऱ्या एका प्रयोगशाळेतून तपासून घेतलं. माझ्या पांढऱ्या रंगाशी त्यांचे आकडे जुळले. मग ते सगळं घेऊन मी ज्या कार्यालयानं अर्ज परत पाठवला होता तिथं गेले. खुर्चीवर एक तरुण अधिकारी होते, मुलाच्या वयाचे, अदबीनं बोलणारे. त्यांनी दोनदा वाचलं.

"मॅडम, आपण निवृत्त झाला आहात. एवढं नाव घालून लिहायची खरंच गरज आहे का? नव्या जागेचा नमुना घ्यायला सांगतो मी. जुनं आहे ते राहू द्या."

"जुनं राहिलं तर नवा नमुना चुकीचा आहे असं तुम्हीच उद्या म्हणाल."

ते जरासे हसले. मग खुर्चीत पुढे सरकले. "असं बघा, ही एक जागा नाही. आपण शिकवलेली माणसं सगळ्याच नदीवर नमुने घेत होती. बंधारे तर जागोजागी आहेत. आपण हे दिलंत, तर आपले सगळेच अहवाल संशयात येतात. बावीस वर्षांचं काम. कळतंय ना आपल्याला?"

कळत होतं. होडीत बसले होते तेव्हापासून कळत होतं. त्या सगळ्या अहवालांवर विसंबून आणखी किती माठ भरले गेले असतील, हेही कळत होतं. मी पिशवीतून दुसरा कागद काढला आणि त्यांच्या टेबलावर ठेवला. माझ्या सहीचे अहवाल ज्या ज्या गावांना गेले, त्यांची नावं आठवून आठवून मी आणि रसिकानं दोन संध्याकाळी बसून लिहिली होती.

"ही गावं," मी म्हटलं. "सगळीकडे पुन्हा नमुने घ्या. बंधाऱ्याच्या वरून. आणि पोच द्या, मी थांबते."

त्यांनी शिपायाला हाक मारून शिक्का मागवला.